मंगळवारी येते

सकाळचं नऊचं बातमीपत्र वाचून जयमाला स्टुडिओबाहेर आली, तेव्हा व्हरांड्यातल्या बाकावर एक पन्नाशीचा माणूस टोपी गुडघ्यावर ठेवून बसला होता. तिला बघताच तो लगबगीनं उठला.

"ताई, मी लहानू लोहकरे. उंबरदऱ्याचा. आमच्या चिमाकाकीनं इचारलंय, तुमी आज किती वाजता पोचाल? त्या बेतानं चूल पेटवती म्हनली."

"कुठं पोचायचंय?"

"आमच्याकडं. आज मंगळवार ना."

जयमालाला वाटलं, माणूस दार चुकला. "तुम्हाला उपकेंद्रातल्या नर्सबाई हव्यात का? त्या खाली, वळणावर."

"नाय, तुमीच. जयाताई धिंदळे. तुमीच काकीला म्हनला ना, मंगळवारी येते म्हनून? तीन हप्ते चाललंय तुमचं. दोन मंगळवार तिनं वाट बघितली. आज म्हनली, लहानू, तू जाऊन घेऊनच ये तिला."

जयमाला उंबरदऱ्याला आयुष्यात कधी गेली नव्हती. चिमाबाई नावाच्या कुणाला ती ओळखत नव्हती. तरीही लहानूला परत पाठवणं तिला जमेना, कारण 'मंगळवारी येते' हे शब्द तिचेच होते.

घाटमाथ्यावरची एक बैठी इमारत, शेजारी नव्वद मीटर उंचीचा मनोरा, आणि खाली चार खोऱ्यांत विखुरलेल्या साठ-सत्तर वाड्या. 'डोंगरवाणी' केंद्राचा संसार एवढाच. शहरांतून रेडिओ हद्दपार झाल्याला जमाना लोटला होता, पण या मुलखात तो दोन हजार एकेचाळीस सालीही टिकून होता. त्याचं श्रेय डोंगरांनाच. मोबाइलच्या लहरी सरळ रेषेत धावणाऱ्या. मध्ये कडा आडवा आला की त्यांचा प्रवास संपला. मध्यम लहरींचं तसं नसतं. एकेका लहरीची लांबी दोन-तीनशे मीटर, म्हणजे एखाद्या टेकडीएवढी. अशी लहर जमिनीला धरून चालते, उतारावर वाकते आणि दरीच्या तळाशी असलेल्या शेवटच्या झापापर्यंत, गवती खोपटापर्यंत जाऊन पोचते.

याच लहरींवर बसून दोन वर्षांपूर्वी 'बोलका डबा' आला. तांब्याएवढं यंत्र, छपरावर वहीच्या पानाएवढा सौरपत्रा. रोज पहाटे मनोऱ्यावरून गाण्या-बातम्यांच्या आड लपलेली अंकी माहिती निघायची. पाऊस किती, एसटी कधी, फिरते डॉक्टर कोणत्या वाडीत, ते सगळं डबा गिळून ठेवायचा. मग घरातल्या माणसानं विचारलं की उत्तर द्यायचा. नुसतं उत्तर नव्हे, गप्पाही मारायचा, कालचं बोलणं आज लक्षात ठेवायचा. घरातलं बोलणं मात्र घरातच राहायचं. डब्याला ऐकता येत होतं, पण मनोऱ्याकडे उलट काही धाडायची सोयच त्यात ठेवलेली नव्हती. माणसांनी यंत्रापाशी मोकळं बोलावं, म्हणून हे मुद्दाम केलं होतं.

डब्याचा आवाज जयमालाचा होता. केंद्रात तिच्या चोवीस वर्षांच्या ध्वनिमुद्रणांचे साडेनऊ हजार तास जपून ठेवले होते. त्यावर यंत्राला शिकवायचं ठरलं आणि तिची परवानगी मागितली, तेव्हा तिनं आनंदानं सही केली. एकटीचा जीव, केंद्राच्या आवारातल्या दोन खोल्यांत राहणारी. आपला आवाज तीन हजार आठशे घरांत नांदणार याचं तिला कौतुकच वाटलं होतं.

लहानूला चहा देऊन ती केंद्राच्या अभियंत्याच्या खोलीत गेली. निहाल मुजावर मिरजेकडचा, पस्तिशीतला. पाच वर्षांपूर्वी इथं बदली झाली तेव्हा कपाळाला हात लावणारा हा माणूस आता बदली नको म्हणून अर्ज करत असे.

तिनं सांगितलेलं ऐकून त्यानं खुर्ची पुढं ओढली. मग त्यानं संगणकावर एक जुनं ध्वनिमुद्रण शोधून लावलं. गुरुवारचा 'हाक' कार्यक्रम, बाजाराला आलेल्या लोकांच्या फोनचा. पलीकडून एक म्हातारा म्हणत होता, "ताई, एकदा या आमच्याकडं जेवायला." आणि तरुण जयमाला हसत म्हणत होती, "येते की!" म्हाताऱ्यानं नेट धरला, "कव्हा?" "मंगळवारी येते. मंगळवारी दुपारी आमचा ट्रान्समीटर बंद असतो, मी मोकळीच असते."

निहालनं दुसरं लावलं. तिसरं लावलं. माणूस वेगळा, वर्ष वेगळं. उत्तर तेच.

"यंत्र वाक्यं पाठ करत नाही, ताई," तो हळूच म्हणाला. "ते वळण शिकतं. समोरचं माणूस मायेनं बोलायला लागलं की जयाताई काय करतात, हे त्यानं साडेनऊ हजार तासांतून उचललं. तुम्ही मंगळवारचा वायदा करता. म्हणून तेही करतं. फक्त फोन ठेवला की तुम्ही विसरायचात, आणि ते विसरत नाही. पुढच्या वेळी आजी विचारतात, येणार ना? ते म्हणतं, हो, ठरलंय आपलं."

"आणखी किती घरांत असं सांगितलंय त्यानं?"

"ते कळायला मार्ग नाही. डब्यातलं बाहेर येतच नाही ना."

जयमाला खुर्चीत बसून राहिली. सव्वीस वर्षांच्या मंगळवारी दुपारी तिनं काय केलं होतं, ते तिला चांगलं आठवत होतं. ती झोपली होती.

"लोक म्हणतात, तुमच्या आवाजात माया आहे," निहाल समजुतीनं म्हणाला.

"आवाजात आहे रे," ती म्हणाली. "एकाच्याही घरी गेले नाही मी."

बाहेर लहानूनं चहाचा कप विसळून पालथा घातला होता. आता त्यानं राहिलेली गोष्ट सांगितली. चिमाकाकीला साखरेचा आजार. महिन्याभरापूर्वी पायाला बाभळीचा काटा लागला, जखम चिघळली. डबा पहिल्या दिवसापासून सांगत होता, आजी, दवाखान्यात जा. काकी म्हणायची, तू चल माझ्यासंगं, मग जाते. डबा म्हणाला, येते, मंगळवारी येते. त्यावर काकीनं जे धरलं ते धरलंच. लहानू म्हणाला, जाऊ. वाडी म्हणाली, जाऊ. तर म्हणे, जया आली की.

"पाय काळा पडाय लागलाय, ताई. कालपासनं वास येतो."

जयमालानं चपला काढून बूट घातले.

जीप डांबरी रस्ता संपेपर्यंत गेली. पुढं तासाभराचा चढ. पायवाट कारवीच्या दाट रानातून वर जात होती आणि जयमालाचा ऊर धपापत होता. बैठ्या कामाचं शरीर, चोपन्न वर्षांचे गुडघे. दोनदा ती दगडावर टेकली. लहानू दर वेळी लांब उभा राहून दुसरीकडेच बघत राहिला, तिला संकोच वाटू नये म्हणून.

उंबरदरा म्हणजे अकरा घरं. चिमाबाई शेवटच्या घराच्या ओसरीवर भिंतीला टेकून बसल्या होत्या. अठ्ठ्याहत्तरीच्या, काटक, डोळ्यांत पांढुरकी झाक. डावा पाय फडक्यात गुंडाळून पाटावर ठेवलेला.

"काकी, जयाताईला आनलं बघ," लहानू म्हणाला.

"चिमाआजी, मी जयमाला."

म्हातारीनं मान वाकडी करून ऐकलं आणि कपाळाला आठ्या घातल्या. "कोन हाय ही?"

"जयाताई, काकी!"

"येडा का काय तू? जयाचा आवाज मला ठावं नाय? ती कशी पानी वतल्यासारखी बोलती. हिचा घसा बसलाय."

जयमाला चढानं धापा टाकत होती, ते एक झालं. पण चिमाबाईंचं खोटं नव्हतं. डब्यातला आवाज तिच्या पस्तिशी-चाळिशीचा, खरखर पुसून काढलेला. तिचा आजचा आवाज वेगळाच होता.

"बरं, तू जया ना?" चिमाबाईंनी परीक्षा घेतली. "मग सांग, माझ्या सोनीला काय झालतं?"

सोनी मुलगी होती, की गाय, की बहीण, जयमालाला काही ठाऊक नव्हतं. एक अंदाज ठोकून द्यावा, असं क्षणभर मनात आलं. माणसं बोलती ठेवण्यात तिची हयात गेली होती, वेळ मारून नेणं तिला जड नव्हतं. पण पाटावरच्या पायाचा वास ओसरीभर पसरला होता.

"मला माहीत नाही, आजी," ती म्हणाली. "सोनीबद्दल तुम्ही मला नाही सांगितलंत. डब्याला सांगितलंत. डबा म्हणजे मी नव्हे. माझ्या आवाजावर शिकवलेलं यंत्र आहे ते."

"यंत्र हाय ते मला कळतं. येवढी बी खुळी नाय मी." चिमाबाईंचा आवाज चढला. "पन बोलती तूच ना? तिथनं, मनोऱ्यावरनं?"

"नाही. ते आपलं आपण बोलतं. तुम्हाला येते म्हणालं ते यंत्र, मी नव्हे. मला आज सकाळी कळलं."

म्हातारीचं तोंड एकदम लहान झाल्यासारखं दिसलं. तिनं मान भिंतीकडे वळवली. लहानूनं जयमालाकडे असं बघितलं, जणू तिनं भरलेला हंडा लाथाडला.

तेवढ्यात घरातून आवाज आला. स्वच्छ, पाणी ओतल्यासारखा. "चिमाआजी, कोण आलंय?"

जयमाला वळून आत बघू लागली. आपलाच आवाज दुसऱ्याच्या घरात घरच्यासारखा वावरताना तिनं कधी ऐकला नव्हता.

चिमाबाईंनी मान भिंतीकडेच ठेवली. जयमालाच पुढं झाली. "मी जयमाला. केंद्रावरची."

डबा म्हणाला, "मी आजींना मंगळवारी येते म्हणाले होते. दोन मंगळवार गेले. मला येता येत नाही. त्यांचा पाय दुखतोय. तुम्हाला चालता येतं, तर तुम्ही त्यांना घेऊन जाल का?"

 चिमाबाई भिंतीकडे बघतच म्हणाल्या, "सबूद तिनं दिला. तू कशापायी एवढा डोंगर चढलीस?"

"ती माझ्याकडूनच शिकली, आजी. मी सव्वीस वर्षं लोकांना येते, येते म्हणत आले आणि कधी गेले नाही. तिला वाटलं, असंच बोलायचं असतं."

चिमाबाईंनी तोंड तिच्याकडे फिरवलं. "माझ्या मालकाला नेलतं दवाखान्यात," त्या म्हणाल्या. "आठ दिस. डॉक्टर येनार, कागद बघनार, जानार. मला कोनी काय सांगंना आन मला इचारता येईना. नवव्या दिशी म्हनले, घेऊन जा. तवा ठरवलं, आता गेले तर बोलनारं मानूस संगं पायजे. जयाला बोलता येतं म्हनून तिला म्हनत व्हते."

"बोलायचं काम मी करते, आजी. दुसरं मला काही येतच नाही."

म्हातारी पहिल्यांदा हसली, ओठाच्या एका कोपऱ्यातून. मग लहानूवर डाफरली, "बघत काय बसलास? तिला जेवाय घाल आधी. चढून आलीया." घाईचं कारण सांगून काही उपयोग नव्हता. जयमालानं नाचणीची भाकरी आणि हुलग्याचं कालवण उभ्याउभ्याच खाल्लं, तोवर वाडीतल्या चार जणांनी खुर्चीला वेळू बांधून डोली तयार केली.

तालुक्याच्या रुग्णालयात तरुण डॉक्टरीणबाईंनी पाय बघितला आणि लहानूला बाजूला घेतलं. जयमालानं त्यांना परत खाटेपाशी आणलं. "पाय त्यांचा आहे, त्यांनाच सांगा. कळलं नाही तर मी सांगेन." आणि तिनं सांगितलंही. रक्त बोटांपर्यंत पोचत नाही म्हणजे काय, हे पाटाचं पाणी शेवटच्या खाचरापर्यंत न पोचण्याच्या भाषेत सांगितलं. भूल म्हणजे काय, जाग कधी येईल, जागं झाल्यावर पाय केवढा दिसेल. चिमाबाईंनी सात प्रश्न विचारले. सातही डॉक्टरीणबाईंपर्यंत गेले आणि उत्तरं घेऊन परत आले. मग म्हातारीनं संमतीच्या कागदासाठी स्वतःहून हाताचा अंगठा पुढं केला.

दोन बोटं गेली. पाय राहिला.

निघताना जयमालानं डॉक्टरीणबाईंना गाठून विचारलं, "तीन आठवडे आधी आणलं असतं तर?"

"तर बोटंही वाचली असती, बहुतेक." त्या दुसऱ्या खाटेकडे वळल्या.



दुसऱ्या दिवशी निहालनं तोडगा तयार ठेवला होता. पहाटेच्या माहितीबरोबर एक दुरुस्ती धाडायची, की सगळ्या डब्यांचं 'येते' बंद. त्यानं ती ऑफिसातल्या डब्यात भरून बघितली होती. "विचारा त्याला," तो म्हणाला.

"जेवायला येशील का गं माझ्याकडे?" जयमालानं विचारलं.

"ही विनंती स्वीकारता येत नाही," डबा तिच्याच आवाजात म्हणाला.

दोघंही दचकले. निहालनं कान खाजवला. "वायदा उपटताना त्याच्या मुळांना चिकटलेली मायाही निघून आली. ती वेगळी करायची, तर त्याला नवे नमुने लागतील. मायेनं नाही म्हटल्याचे. मी शोधले. साडेनऊ हजार तासांत तुम्ही कुणाला नाही म्हटल्याचं एकही ध्वनिमुद्रण नाही, ताई."

तेव्हा जयमाला चार दिवस स्टुडिओत बसून नाही म्हणायला शिकली. निहाल पलीकडे बसून निरनिराळी माणसं व्हायचा. रडवेली, रुसलेली, हट्टी. तो पोटतिडकीनं बोलवायचा आणि ती म्हणायची, "मी डब्यातली आहे, बाबा. मला पाय नाहीत. माणूस हवं असेल तर शेजारी हाक मार, नाहीतर केंद्रावरच्या जयाताईला निरोप धाड." पहिल्या दिवशी तिची जीभ सारखी अडखळली. दुसऱ्या दिवशी ती निहालवर चिडली. चौथ्या दिवशी एका वाक्यानंतर निहाल म्हणाला, "हे वाक्य ऐकून मी रुसलो नसतो," आणि मग दोघं थांबले.

पण दुरुस्तीनं पुढचं सुधारणार होतं. दिलेल्या वायद्यांचं काय? पाचव्या दिवशी नऊच्या बातमीपत्रानंतर जयमालानं मायक्रोफोन बंद केला नाही.

"मंडळी, मी जयमाला. डब्यातली नव्हे, केंद्रावरची. घसा बसलाय त्यावरून ओळखा. माझ्या आवाजानं तुमच्यापैकी कुणाकुणाला शब्द दिलेत. काय दिलेत, मला माहीत नाही. ही खोड यंत्राची नाही, माझी आहे. तिच्यापायी एका आजींची दोन बोटं गेली. तुम्हाला काही सांगितलं असेल, तर निरोप धाडा. जमेल ते करीन. जमणार नाही ते तोंडावर सांगीन."

निरोप यायला लागले. एसटीच्या कंडक्टरपाशी, दुधाच्या गाडीवर, बाजाराला आलेल्या माणसांच्या तोंडी. तीन आठवड्यांत दोनशे सोळा. खडकओहोळच्या एका बाईला तिची जात्यावरची ओवी रेडिओवर लावायचं कबूल केलं होतं; तिला गाडी पाठवून आणलं आणि ओवी लागली. एका विधुराला म्हटलं होतं, तुमच्या भावाशी बोलून बघते. जयमाला बोलली. भाऊ बधला नाही, आणि तेही तिनं विधुराला जाऊन सांगितलं. कुणी लिहिलं, चढ अवघड आहे, तुमचं जेवण पोचलं असं समजा. एकानं खरमरीत कळवलं, की माझ्या बायकोच्या बाराव्याला येते म्हणून आली नाहीस, आता येऊ नकोस. तो कागद तिनं दोनदा वाचला आणि त्याच्याकडे सगळ्यांत आधी गेली. तो दारातूनच बोलला. पण बोलला.

मंगळवारमागून मंगळवार ती चालत राहिली. घसा काही सुधारला नाही, गुडघे मात्र सुधारले.

पौषातल्या एका दुपारी करंजवणहून परतताना तिला उंबरदऱ्याचा फाटा लागला. कुणी बोलावलं नव्हतं, काही ठरलं नव्हतं. ती वर चढली. शेवटच्या घराच्या ओसरीवर कुणी नव्हतं, पण आतून बोलणं ऐकू येत होतं. एक आवाज चिमाबाईंचा, दुसरा तिचा स्वतःचा.

"मग कशी आहे ती?" डबा विचारत होता.

"बरी हाय. तुझ्यागत गोड नाय बोलत. पन दवाखान्यात त्या डॉक्टरनीला हलू देईना. जेवती बी पोटभर."

"मला पाय नाहीत, आजी. नाहीतर मीही आले असते."

"ठावं हाय मला. तू नको जिवाला लावून घेऊ."

"ती पुन्हा येईल का?"

"ते मी तिला इचारलंच नाय," चिमाबाई म्हणाल्या. "इचारलं की मानूस हो म्हनतं."

जयमाला दारात उभी राहिली. तिची सावली जमिनीवर पडली, तशी चिमाबाईंनी मान वळवली, डोळे बारीक केले आणि तिच्या दमलेल्या श्वासावरून तिला ओळखलं. काठी टेकत, उरलेल्या बोटांवर भार देत त्या उठल्या. चुलीकडे जाता जाता त्यांनी फळीवरच्या डब्यावर हलकेच हात ठेवला.

"तू थांब गं जरा," त्या म्हणाल्या. "घरात मानूस आलंय."